बंदी कोर्टाची, वाट प्रेक्षकाची

दिग्दर्शक शंकर यांचा '२.०' हा विज्ञानपट २९ नोव्हेंबर २०१८ रोजी प्रदर्शित झाला. २०१०च्या 'एंधिरन'चा, म्हणजेच हिंदीतील 'रोबोट'चा हा पुढचा भाग. निर्मात्या कंपनीच्या विनंतीवरून मद्रास उच्च न्यायालयाने ३७ इंटरनेट सेवा कंपन्यांना बारा हजारांहून अधिक संकेतस्थळे रोखण्याचा आदेश प्रदर्शनाआधीच दिला होता. तरीही पहिल्याच दिवशी चित्रपटाची चोरटी प्रत इंटरनेटवर आली. मोबाइल फोनच्या अतिरेकावर बेतलेला हा चित्रपट अनेकांनी फुकटात, मोबाइलवरच पाहिला असेल, तर तो योगायोग बोलका म्हणावा लागेल.

यातून कायद्याची मर्यादा स्पष्ट होते. एक संकेतस्थळ बंद केले की तेच नाव किंचित बदलून तासाभरात पुन्हा उभे राहते. या लपंडावावर उपाय म्हणून दिल्ली उच्च न्यायालयाने एप्रिल २०१९ मध्ये असा आदेश दिला की, अशा नव्या प्रतिरूप संकेतस्थळांसाठी स्वतंत्र दावा दाखल करण्याची गरज नाही. मूळ आदेशच त्यांना लागू करून घेता येईल. पुढे २०२३ मध्ये सिनेमॅटोग्राफ कायद्यात दुरुस्ती झाली. चोरट्या चित्रीकरणासाठी तीन महिने ते तीन वर्षे कैद आणि किमान तीन लाख रुपयांपासून निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत दंड, अशी तरतूद त्यात आहे. महाराष्ट्रातही सायबर पोलिसांच्या अखत्यारीत या गुन्ह्यांसाठी २०१७ पासून स्वतंत्र कक्ष आहे.

म्हणजे कायद्याची उणीव नाही. प्रश्न अधिकृत मार्गाचा आहे. चित्रपटगृहातील प्रदर्शन आणि घरबसल्या पाहण्याची अधिकृत सोय यांत काही आठवड्यांचे अंतर असते. हिंदी चित्रपटांसाठी मल्टिप्लेक्स साखळ्या साधारण आठ आठवड्यांचा आग्रह धरतात. चित्रपटगृह जगण्यासाठी हे अंतर आवश्यकच आहे. पण नेमक्या याच पोकळीत चोरट्यांचा बाजार भरतो.

मग हे अंतर मिटवले तर? त्याचे उत्तर हॉलीवूडने दिले आहे. 'द मेट्रिक्स रिसरेक्शन्स' हा मेट्रिक्स मालिकेचा चौथा भाग अमेरिकेत डिसेंबर २०२१ मध्ये चित्रपटगृहांत आणि एचबीओ मॅक्सवर एकाच दिवशी आला. सहनिर्माती व्हिलेज रोडशो कंपनीने वॉर्नर ब्रदर्सवर फेब्रुवारी २०२२ मध्ये दावा ठोकला. घरबसल्या उपलब्ध झाल्याने तिकीटबारीचे नुकसान झाले आणि चोरट्या प्रतींनाही ऊत आला, असा तिचा आरोप होता. ऑनलाइन सेवेवरून उतरवलेली प्रत ही मुळाइतकीच स्वच्छ असते, हे त्यामागचे तांत्रिक वास्तव.

तात्पर्य, अंतर फार लांबले तरी नुकसान आणि मुळीच नसले तरी नुकसान. '२.०' थेट थ्रीडी कॅमेऱ्यांनी चित्रित झाला होता. पडद्यावरचा तो अनुभव कोणत्याही चोरट्या प्रतीला देता येत नाही. चित्रपटगृहाने असे काही द्यावे, त्यानंतर वाजवी दरात, प्रेक्षकाच्या भाषेत आणि आधी जाहीर केलेल्या तारखेला चित्रपट घरी मिळावा, हाच व्यवहार्य मार्ग दिसतो. न्यायालय चोराची वाट अडवू शकते. प्रेक्षकाला सरळ वाट दाखवण्याचे काम मात्र चित्रपट उद्योगालाच करावे लागेल.