लार्स हान्सन : बोलपटाने ज्याचा बळी घेतला नाही

मूकपटांच्या इतिहासात एक कथा वारंवार सांगितली जाते. युरोपातून हॉलिवूडला गेलेला देखणा नट, १९२७ मध्ये अवतरलेला बोलपट, इंग्रजीला न सरावलेली जीभ आणि मग विस्मृती. स्वीडिश अभिनेता लार्स हान्सन (१८८६–१९६५) यालाही याच यादीत बसवले जाते. हा त्याच्यावर अन्याय आहे.

हान्सन मुळात रंगभूमीचा नट. मॉरित्झ स्टिलरच्या ‘येस्ता बेर्लिंगची कथा’ (१९२४) या चित्रपटात तो नायक होता आणि नवखी ग्रेटा गार्बो त्याच्यासोबत होती. त्यातील त्याचे काम पाहून लिलियन गिशने ‘द स्कार्लेट लेटर’साठी (१९२६) त्याची निवड केली. दिग्दर्शक व्हिक्टर शोस्त्रोमही स्वीडिशच. चित्रीकरणात गिश इंग्रजीत बोले, हान्सन स्वीडिशमध्ये उत्तर देई. पडद्यावर संवाद अक्षरपाट्यांतून येत असल्याने प्रेक्षकाला याची गंधवार्ताही नसे! पुढे गार्बोसोबत ‘फ्लेश अँड द डेव्हिल’ आणि पुन्हा गिश व शोस्त्रोमसोबत ‘द विंड’ (१९२८) झाला. ‘द डिव्हाइन वुमन’ तर जवळजवळ नष्टच झाला आहे. उरलेल्या एकमेव रिळात गार्बोसमोर हान्सनच दिसतो.

प्रचलित कथेला थोडा आधार जरूर आहे. १९२९ च्या ‘द इन्फॉर्मर’ या ब्रिटिश चित्रपटाच्या ध्वनियुक्त आवृत्तीत हान्सनच्या ओठांवर दुसऱ्याचा आवाज चढवला गेला. परंतु इंग्रजी न येणे म्हणजे आवाज नसणे नव्हे. मायदेशी परतल्यावर तो स्वीडिश बोलपटांत दिसलाच. १९३५ मध्ये शोस्त्रोम आणि तरुण इन्ग्रिड बर्गमन यांच्यासोबतही.

त्याचा खरा कस मात्र स्टॉकहोमच्या रॉयल ड्रॅमॅटिक थिएटरमध्ये लागला. अमेरिकन नाटककार युजीन ओनीलने ‘लाँग डेज जर्नी इंटू नाइट’ हे आपल्या घराची उघडीवाघडी व्यथा मांडणारे नाटक मृत्यूनंतर पंचवीस वर्षे प्रकाशित करू नये, असे बजावले होते. १९५३ मध्ये तो वारला आणि त्याच्या पत्नीने या स्वीडिश नाट्यगृहाला प्रयोगाची परवानगी दिली. १० फेब्रुवारी १९५६ रोजी त्याचा जगातील पहिला प्रयोग झाला. त्यात जेम्स टायरोनची भूमिका ६९ वर्षांच्या हान्सनने केली.

टायरोन म्हणजे ओनीलच्या वडिलांचेच रूप. पैसा देणाऱ्या एकाच लोकप्रिय भूमिकेला चिकटून राहिलेला आणि आपली प्रतिभा वाया गेल्याची खंत उरी बाळगणारा नट. ही खंत प्रथम रंगमंचावर आणली ती हॉलिवूडकडे पाठ फिरवून परतलेल्या नटाने, आणि तीही स्वतःच्या भाषेत. तिला भाषेच्या अडचणीने संपलेली कारकीर्द म्हणणे हा केवळ अमेरिकी चष्म्यातून इतिहास वाचण्याचा परिणाम आहे. ओनीलच्या स्वतःच्या देशात, न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर, हे नाटक पोहोचायला त्यानंतर सुमारे नऊ महिने लागले.