याचना नव्हे, हिशेब

दुकानांच्या साखळ्या चालविणाऱ्या कंपन्यांच्या दारी सेवाभावी संस्था आजही याचकाप्रमाणे उभ्या राहतात. वस्तुतः २०१३ च्या कंपनी कायद्याने ठरावीक मर्यादेवरील कंपन्यांवर मागील तीन वर्षांच्या सरासरी नफ्याचे किमान २ टक्के समाजकार्यावर खर्चण्याचे बंधन घातले आहे. धंद्याच्या परिसरास अग्रक्रम द्यावा, असेही तो सांगतो. तालुक्याच्या गावी दुकान थाटणाऱ्या कंपनीस तेथील बालवाडी चालविणाऱ्या संस्थेने याचे स्मरण अवश्य द्यावे. मात्र हाती तपासलेले हिशेब, खर्चाचा नेमका आराखडा आणि २०२१ पासून आवश्यक झालेली केंद्र सरकारकडील नोंदणी हवी. शिवाय, देणगीदाराचा फलक कामाहून मोठा होऊ लागल्यास नकार देण्याचे धैर्यही हवे.