कॅमेऱ्यामागची मुखत्यारी

ज्या यंत्राने आपले रूप वर्षानुवर्षे टिपले, त्याच यंत्रामागे उभे राहून स्वतःच्या दृष्टीने जग दाखविण्याचा हक्क ज्या मोजक्या नट्यांनी मागितला, त्यांत स्वीडनच्या माय झेटरलिंगचे नाव मी अग्रभागी घेतो. आणि हा हक्क बजावल्याबद्दल तिच्याकडून जी किंमत वसूल करण्यात आली, ती सर्वस्वी अन्याय्य होती असे माझे ठाम मत आहे.

1925 साली वेस्तेरोस येथे जन्मलेली माय 1944 मधील 'हेट्स' या चित्रपटाने प्रकाशात आली. पटकथा तरुण इंगमार बर्गमनची, आणि मायची भूमिका एका क्रूर शिक्षकाच्या छळाने खचलेल्या, तंबाखूच्या दुकानातील मुलीची. पुढे इंग्लंडमध्ये व हॉलिवूडमध्ये तिला कामे मिळाली, परंतु त्यांतील फार थोडी तिच्या योग्यतेची होती. 1963 साली तिच्या एका लघुपटाला व्हेनिस येथे पारितोषिक लाभले आणि तिचा मार्ग निश्चित झाला. 1966 मध्ये त्याच व्हेनिसच्या महोत्सवात तिचा 'नाइट गेम्स' केवळ परीक्षक व पत्रकार यांनाच दाखविण्याची तजवीज अधिकाऱ्यांनी केली. सामान्य प्रेक्षकाला मज्जाव!

तिची खरी कसोटी मात्र 1968 च्या 'फ्लिकोर्ना' या चित्रपटाने पाहिली. युद्ध थांबावे म्हणून पतींना शय्येपासून दूर ठेवणाऱ्या ग्रीक स्त्रियांचे अ‍ॅरिस्टोफेनीसचे प्रहसन घेऊन तीन नट्या स्वीडनभर दौरा करीत हिंडतात आणि रंगमंचावरील बंड हळूहळू त्यांच्या संसारांत, त्यांच्या स्वप्नांत उतरू लागते. प्रयोगानंतर त्यांतील एक नटी प्रेक्षकांना थांबवून, या नाटकाचा तुमच्या जिण्याशी काही संबंध आहे की नाही, असे कळकळीने विचारते, तेव्हा समोरची माणसे नुसती बघत राहतात. बीबी अँडरसन, हॅरिएट अँडरसन आणि गुनेल लिंडब्लूम या तिघी बर्गमनच्या चित्रपटांतून जगाला परिचित झालेल्या. पण येथे त्यांची हताशा, त्यांचा संताप आणि त्यांचे हसू कोणा पुरुषाच्या मनोव्यथेचे निमित्त म्हणून येत नाही, ते त्यांचे स्वतःचे असते, आणि हेच मला या कृतीचे सर्वांत मोठे सामर्थ्य वाटते.

समीक्षकांनी चित्रपटाला झोडपले, प्रेक्षकही फिरकले नाहीत. सिमोन द बोव्हारसारख्या विदुषीने त्याची प्रशंसा केली. परंतु प्रशंसेने भांडवल उभे राहत नाही. स्वीडनमध्ये चित्रगृहासाठी पुढचा कथापट करावयास तिला 1986 उजाडावे लागले. तो 'आमोरोसा'. लेखन आणि दिग्दर्शन दोन्ही तिचेच. आणि नायिका आग्नेस फॉन क्रूसेनशेर्ना ही कादंबरीकर्ती, जिच्या लेखनावर 1930 नंतरच्या वर्षांत अश्लीलतेचा गहजब झाला होता आणि जिच्याच कादंबऱ्यांवरून मायने 1964 साली आपला पहिला कथापट रचला होता. अठरा वर्षे जिला प्रतीक्षेत ठेवले, तिने पुन्हा हीच लेखिका निवडावी, यात मला तिची कैफियतच ऐकू येते.

— चित्ररसिक