आकाशाची परिभाषा : नक्षत्र आणि महिना

पंचांग घरोघरीं असतें. परंतु त्यांतील शब्दांचा अर्थ आकाशाकडे पाहिल्यावांचून उलगडत नाहीं. चंद्राच्या मार्गाचे २७ समान भाग कल्पिले, म्हणजे प्रत्येक भाग १३ अंश २० कलांचा होतो, हेंच नक्षत्र. त्या भागाची खूण म्हणून मानलेली ठळक तारका ती योगतारा. चंद्र साधारणपणें दररोज एक नक्षत्र ओलांडतो. पौर्णिमेस तो कृत्तिकांच्या आसपास असतो, तो महिना कार्तिक. मृगशीर्षाच्या आसपास असतो, तो मार्गशीर्ष.

आपल्या खानदेशांत, चाळीसगांवानजीक पाटण येथें, भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानें आजोबांच्या ‘सिद्धांतशिरोमणि’ आदि ग्रंथांच्या अध्ययनासाठीं मठ स्थापिला. इ. स. १२०७ चा तेथील शिलालेख त्याची साक्ष देतो. ज्या भूमींत या विद्येसाठीं मठ उभा राहिला, तेथील मुलांनीं नक्षत्रांचीं नांवें नुसतीं घोकावीं, हें शोभत नाहीं.

यास्तव कार्तिकी पौर्णिमेस वडील मंडळींनीं मुलांस गच्चीवर न्यावें. चांदण्यांत कृत्तिकांचा पुंज फिका दिसल्यास चार दिवस थांबावें. चंद्र उशिरां उगवूं लागला, कीं रात्रीच्या आरंभीं पूर्वेस तो पुंज स्पष्ट दिसतो. एकदां डोळ्यांनीं पाहिलेला शब्द मुलें विसरत नाहींत.