एका शब्दाची मालकी : ‘नॅनोबॉडी’ म्हणजे नेमके काय?

२०२५च्या ऑक्टोबर महिन्याच्या अखेरीस ‘नेचर’ या नियतकालिकात सर्पदंशावरील एका संभाव्य उपचाराविषयीचे संशोधन प्रसिद्ध झाले. डेन्मार्कच्या तांत्रिक विद्यापीठातील शास्त्रज्ञांच्या नेतृत्वाखालील गटाने एक अल्पाका आणि एक लामा या प्राण्यांना आफ्रिकेतील १८ सापांची विषे टोचली. त्यांच्या शरीरात तयार झालेल्या प्रतिपिंडांतून निवडलेल्या आठ तुकड्यांचे मिश्रण प्रयोगशाळेत तयार केले. या मिश्रणाने १८पैकी १७ जातींच्या विषापासून उंदरांचे प्राण वाचवले. ही बातमी जगभर गेली ती एका शब्दासह : ‘नॅनोबॉडी’. शोधनिबंधाच्या शीर्षकात तो होता आणि वृत्तसंस्थांच्या मथळ्यांतही होता. हा शब्द एका औषधकंपनीचे नोंदणीकृत व्यापारचिन्ह आहे, याची कल्पना त्यातील फार थोड्या वाचकांना असेल.

जैवतंत्रज्ञानाच्या क्षेत्रात काम करणाऱ्यांसाठी ही केवळ शब्दांची कसरत नाही. ज्या रेणूंचा शोध विद्यापीठात लागला, ज्यांवरील सुरुवातीच्या पेटंटांची मुदत उलटून गेली आणि जे आज अनेक देशांतील अनेक कंपन्या तयार करतात, त्यांचे सर्वांत प्रचलित नाव मात्र एकाच कंपनीकडे आहे. वस्तू सर्वांची आणि नाव एकाचे, अशी ही स्थिती आहे.

उंटाच्या रक्तातील रहस्य

माणसाच्या शरीरातील नेहमीचे प्रतिपिंड इंग्रजी ‘वाय’ अक्षराच्या आकाराचे असते. दोन जड आणि दोन हलक्या प्रथिनसाखळ्या मिळून ते बनते व त्याचे वस्तुमान सुमारे १५० किलोडाल्टन असते. बाहेरून आलेल्या विषाणूला किंवा विषाला पकडण्याचे काम ‘वाय’च्या दोन टोकांवर होते आणि प्रत्येक टोक जड व हलक्या साखळीच्या जोडीने घडलेले असते. ही जोडी अनिवार्य आहे, असेच कित्येक दशके मानले जात होते.

१९८९च्या सुमारास ब्रुसेल्सच्या व्ह्रिये विद्यापीठात या समजुतीला तडा गेला. प्रात्यक्षिकासाठी विद्यार्थ्यांना रक्तातून प्रतिपिंडे वेगळी करायची होती. मानवी रक्त हाताळण्यात संसर्गाची भीती होती, म्हणून निद्रारोगाच्या संशोधनासाठी गोठवून ठेवलेले उंटाचे रक्त वापरण्यात आले, अशी हकीकत सांगितली जाते. त्या रक्तात नेहमीच्या प्रतिपिंडांबरोबरच हलक्या साखळीचा मागमूसही नसलेली प्रतिपिंडे आढळली. रेमंड हॅमर्स यांच्या गटाने हा शोध १९९३मध्ये ‘नेचर’मध्ये मांडला. उंट, लामा, अल्पाका या एकाच कुळातील प्राण्यांत ही प्रतिपिंडे असतात. शार्क माशांतही याच धर्तीची, पण स्वतंत्रपणे उत्क्रांत झालेली प्रतिपिंडे पुढे सापडली.

या प्रतिपिंडाचे केवळ पकडणारे टोक वेगळे काढले, तरी ते एकटे आपले काम चोख करते. त्याचे वस्तुमान सुमारे १५ किलोडाल्टन, म्हणजे मूळ प्रतिपिंडाच्या एक-दशांश. लांबी सुमारे चार आणि रुंदी अडीच नॅनोमीटर. ‘नॅनो’ हे उपपद आले ते या मापामुळे. नॅनोतंत्रज्ञानातील कृत्रिम कणांशी त्याचा काहीही संबंध नाही. हा निखळ प्रथिनाचा तुकडा आहे. हे टोक उष्णता बऱ्यापैकी सहन करते, जिवाणू किंवा यीस्टमध्ये तयार करता येते आणि मोठ्या प्रतिपिंडाला न पोहोचणाऱ्या खाचाखोचांत शिरते. लहानपणाचा तोटाही आहे. मूत्रपिंडे त्याला रक्तातून झपाट्याने गाळून टाकतात. त्यामुळे औषध बनवताना त्याला रक्तातील अल्ब्युमिनसारख्या प्रथिनाचा आधार द्यावा लागतो किंवा मोठ्या रेणूला जोडावे लागते.

वृत्तांकनात सर्रास होणारी चूक येथेच उद्भवते. प्रत्येक लहान प्रतिपिंड ‘नॅनोबॉडी’ नसते. नेहमीच्या प्रतिपिंडाचे तोडलेले टोक किंवा जड व हलक्या साखळीचे पकडणारे भाग दुव्याने जोडून केलेला रेणू हेही लहानच असतात. पण त्यांत दोन्ही साखळ्यांचा अंश असतो. ‘नॅनोबॉडी’चे वेगळेपण आकारात नसून एकट्या जड साखळीच्या एकाच खंडात आहे. म्हणूनच शास्त्रीय लिखाणात यासाठी ‘सिंगल-डोमेन अँटीबॉडी’ ही व्यापक संज्ञा वापरतात आणि उंटकुळातील खंडाला ‘व्हीएचएच’ म्हणतात. या दोन्ही संज्ञांवर कोणाचीही मालकी नाही.

पेटंट संपते, नाव उरते

ब्रुसेल्समधील शोधाचा व्यापारी विकास करण्यासाठी २००१मध्ये बेल्जियममधील गेंट येथे ‘अ‍ॅब्लिंक्स’ ही कंपनी स्थापन झाली. ‘नॅनोबॉडी’ हे व्यापारचिन्ह याच कंपनीने नोंदवले. रक्तात सूक्ष्म गुठळ्या करणाऱ्या एका दुर्मीळ आजारावरील तिचे ‘कॅप्लासिझुमॅब’ हे औषध युरोपात २०१८मध्ये आणि अमेरिकेत फेब्रुवारी २०१९मध्ये मंजूर झाले. या प्रकारच्या रेणूंपासून बनलेले ते पहिले मंजूर औषध. त्याच सुमारास, २०१८मध्ये, फ्रान्सच्या ‘सानोफी’ने सुमारे ३.९ अब्ज युरो मोजून अ‍ॅब्लिंक्स विकत घेतली. कंपनीबरोबर नावही गेले.

पेटंट आणि व्यापारचिन्ह यांतील फरक येथे निर्णायक ठरतो. पेटंट साधारणपणे अर्जापासून २० वर्षे टिकते. त्यानंतर ज्ञान सार्वजनिक होते, हाच त्यामागील सामाजिक करार आहे. व्यापारचिन्हाचे तसे नाही. वेळोवेळी नूतनीकरण केले आणि चिन्ह वापरात ठेवले, तर ते अनंत काळ टिकू शकते. परिणामी रेणूवरील मूळ हक्क ओसरले, तरी त्याच्या सर्वपरिचित नावावरील हक्क कायम राहिला.

याचे प्रत्यक्ष चित्र पाहण्यासारखे आहे. चीनमध्ये २०२१ साली मंजूर झालेले कर्करोगावरील ‘एन्व्हाफोलिमॅब’ याच कुळातील रेणूवर आधारलेले आहे. अमेरिकेत २०२२मध्ये मंजूर झालेल्या ‘कार्विक्टी’ या पेशी-उपचारातही उंटकुळातील असे दोन खंड वापरले आहेत. जपानमध्ये त्याच वर्षी मंजूर झालेल्या संधिवातावरील ‘ओझोरॅलिझुमॅब’चे मूळ मात्र अ‍ॅब्लिंक्समध्ये होते. जीवशास्त्राच्या दृष्टीने सर्वांचा पाया एकच. परंतु ‘नॅनोबॉडी’ हे चिन्ह आपल्या उत्पादनावर मिरवण्याचा अधिकार सर्वांना नाही. नावावरून रेणू कळावा अशी अपेक्षा असते. येथे नावावरून कळतो तो मालक.

कंपनीची बाजूही समजून घ्यायला हवी. तिने नाव रुजवले, त्यामागे पैसा आणि वर्षे खर्च केली. शोधनिबंधात हा शब्द वर्णनासाठी वापरण्यापासून संशोधकांना व्यवहारात कोणी अडवत नाही; हक्क चालतो तो बाजारपेठेत. आणि हे एकाच कंपनीचे वैशिष्ट्यही नाही. कृत्रिम बंधक प्रथिनांच्या क्षेत्रातील ‘अफीबॉडी’, ‘डार्पिन’ आणि ‘बाइट’ हे शब्दही कंपन्यांची व्यापारचिन्हेच आहेत. एका संपूर्ण विज्ञानशाखेची बोली खासगी मालकीच्या शब्दांनी भरत चालली आहे, ही खरी चिंतेची बाब आहे.

‘झेरॉक्स’ आणि ‘डालडा’ यांचा धडा

मराठी माणसाला हा प्रकार नवा नाही. आपण छायाप्रत काढत नाही, ‘झेरॉक्स’ काढतो. एके काळी घरोघरी वनस्पती तूप नव्हे, तर ‘डालडा’ येत असे, मग डबा कोणत्याही कंपनीचा असो. लोकांच्या तोंडी बसलेले नाव वस्तूचेच नाव होऊन जाते, तेव्हा मालकाला आनंदाऐवजी धास्ती वाटू लागते. कारण काही देशांच्या कायद्यांत असे सामान्य झालेले नाव व्यापारचिन्ह म्हणून टिकत नाही.

याचे गाजलेले उदाहरण ‘अ‍ॅस्पिरिन’. १९२१मध्ये अमेरिकेतील न्यायाधीश लर्नेड हँड यांनी ‘बायर’ कंपनीच्या या चिन्हाविषयी निकाल देताना एक सूक्ष्म भेद केला. औषधविक्रेते आणि डॉक्टर यांच्या दृष्टीने ते कंपनीचे नाव असू शकते. पण सामान्य ग्राहकासाठी ते त्या गोळीचेच नाव झाले आहे, असे त्यांनी मानले. जर्मनी आणि कॅनडात मात्र आजही ते चिन्ह बायरचेच आहे. १९५०मध्ये ‘ओटिस’ने ‘एस्कलेटर’ हे नाव गमावले. कंपनीने स्वतःच ते सरकत्या जिन्याचे सामान्य नाम म्हणून वापरले होते, हे तिच्या विरोधात गेले.

‘नॅनोबॉडी’ची गत मात्र उलटी आहे. ‘अ‍ॅस्पिरिन’ सामान्य ग्राहकाने सर्वसाधारण केले आणि जाणकारांनी भेद राखला. येथे जाणकारांनीच, म्हणजे हजारो शोधनिबंधांच्या लेखकांनी, शब्द सामान्य नाम करून टाकला आहे आणि सामान्य रुग्णाला तो अद्याप ठाऊकही नाही. भविष्यात न्यायालयापुढे प्रश्न आलाच, तर कोणाचा वापर प्रमाण मानायचा, हाच वादाचा गाभा असेल.

औषधांच्या नावांपुरता जगाने यावर एक उपाय आधीच काढला आहे. जागतिक आरोग्य संघटना प्रत्येक औषधी द्रव्याला कोणाच्याही मालकीचे नसलेले आंतरराष्ट्रीय नाव देते. ‘कॅप्लासिझुमॅब’ हे असेच नाव. ‘मॅब’ या शेपटावरून ते प्रतिपिंड आहे हे कळते. अशी नावे खूप वाढल्याने २०२१मध्ये ‘मॅब’ऐवजी ‘टग’, ‘बार्ट’, ‘मिग’ आणि ‘मेंट’ ही चार शेपटे ठरवण्यात आली. एकाच लक्ष्यावर काम करणाऱ्या प्रतिपिंडाच्या तुकड्यांसाठी ‘मेंट’ आहे. भारताच्या १९९९च्या व्यापारचिन्ह कायद्याचे कलम १३ तर अशी आंतरराष्ट्रीय नावे व्यापारचिन्ह म्हणून नोंदवण्यास मनाईच करते. हे संरक्षण एकेका औषधाला आहे. औषधांच्या वर्गाच्या नावाला नाही. ‘नॅनोबॉडी’ नेमकी या फटीत बसली आहे.

देवनागरीत मोठे अक्षर नाही

इंग्रजीत निदान एक सोय आहे. मोठ्या ‘एन’ने सुरू होणारा शब्द म्हणजे कंपनीचे चिन्ह आणि लहान अक्षराने सुरू होणारा म्हणजे सर्वसाधारण वस्तू, असा संकेत काटेकोर लेखक पाळतात. देवनागरीत लहान-मोठी अक्षरे नाहीत. मराठीत ‘नॅनोबॉडी’ लिहिले, की व्यापारचिन्ह आणि जीवशास्त्रीय वर्ग यांतील भेद पुसलाच जातो. म्हणून इंग्रजीने अक्षराच्या आकारावर सोपवलेले काम मराठीला शब्दाच्या निवडीनेच करावे लागेल.

‘लघुप्रतिपिंड’ हा शब्द पटकन सुचतो. पण तो पुरेसा नेमका नाही, कारण इतर लहान तुकडेही त्यात येतात. त्यापेक्षा ‘एकखंडी प्रतिपिंड’ अधिक अचूक ठरावे : रेणूचे वेगळेपण त्यात आहे आणि कोणाची पाटी त्यावर नाही. सानोफीच्या उत्पादनाविषयी लिहायचे असेल, तेव्हा ‘नॅनोबॉडी’ जरूर लिहावे. अन्यत्र सामान्य संज्ञा वापरावी.

ही काळजी केवळ भाषाप्रेमापोटी घ्यायची नाही. नावाने मक्तेदारीचा आभास निर्माण होतो आणि आभासाला किंमत असते. कॅप्लासिझुमॅब अमेरिकेत आले, तेव्हा एका सर्वसाधारण उपचाराची जाहीर किंमत सुमारे २ लाख ७० हजार डॉलर होती. असे सर्वच रेणू एका कंपनीचे आहेत, असा समज रुग्णसंघटना, विमा कंपन्या किंवा शासकीय खरेदी अधिकारी यांनी करून घेतला, तर पर्यायांची चौकशीच होणार नाही. केवळ ‘नॅनोबॉडी’ या शब्दाने शोध घेणाऱ्याला, दुसऱ्या नावाने नोंदलेले औषध कदाचित दिसणारही नाही.

डेन्मार्कमधील संशोधन आफ्रिकेतील सापांपुरते आहे. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे यांच्यावरील उतारा भारतात आजही घोड्यांच्या रक्तापासून तयार होतो; मुंबईच्या हाफकिन संस्थेची त्यातील परंपरा जुनी आहे. भारतात २००० ते २०१९ या काळात सर्पदंशाने दरवर्षी सरासरी ५८ हजार मृत्यू झाले असावेत, असा संशोधकांचा अंदाज आहे आणि त्यांतील बहुसंख्य ग्रामीण भागातील होते. उद्या या चार सापांवर एकखंडी प्रतिपिंडांचा उतारा तयार झाला, तर तो कोणी बनवायचा, कोणत्या किमतीला विकायचा आणि कोणत्या आरोग्य केंद्रात ठेवायचा, हे प्रश्न उभे राहतील. ते विचारणाऱ्यांना हा रेणू कोणा एकाचा नाही, हे आधीच ठाऊक असायला हवे.