घरी बसवलं असेल, तर तीस दिवसांच्या आत लिहा

ढाणकी, बिटरगाव, उमरखेड या पट्ट्यातल्या खासगी शाळांत शिकवणाऱ्या, शिपाई किंवा बाबू म्हणून राबणाऱ्या बंधुभगिनींनो, हे तुमच्यासाठी लिहितो आहे. वाढीव पगाराचा हिशेब मागितला, संस्थाचालकाशी बिनसलं आणि एके सकाळी हजेरीपटावर सही करू दिली नाही, असं कुणाच्याही वाट्याला येऊ शकतं. पुढे कोर्टातून नोकरी परत मिळते, पण मधल्या वर्षांचा पगार? तो पदरात पडतो की बुडतो, हे पुष्कळदा सुरुवातीला तुम्ही काय लिहून दिलं यावर ठरतं.

औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या, एका प्राथमिक शिक्षिकेचा खटला माहीत असू द्या. त्यांना २००६ च्या नोव्हेंबरात निलंबित केलं आणि २००७ मध्ये बडतर्फ केलं. शाळा न्यायाधिकरणानं २००९ मध्ये ती बडतर्फी बेकायदा ठरवली आणि पूर्ण पगारासह कामावर घ्यायला सांगितलं. उच्च न्यायालयाच्या खंडपीठानं मात्र मागचा पगार तेवढा काढून घेतला. बाई सर्वोच्च न्यायालयात गेल्या. १२ ऑगस्ट २०१३ रोजी ‘दीपाली सुरवसे विरुद्ध क्रांती ज्युनियर अध्यापक महाविद्यालय’ या निकालानं तो पगार त्यांना परत मिळाला. चार महिन्यांत द्या, नाही तर नऊ टक्के व्याज भरा, असं संस्थेला बजावलं गेलं.

या निकालात तुमच्या कामाची गोष्ट आहे. काढणं बेकायदा ठरलं, तर सेवासातत्य आणि मागचा पगार हा सर्वसाधारण नियम आहे. मात्र ‘या काळात मला दुसरीकडे नोकरी नव्हती’ किंवा ‘होती ती कमी पैशांची होती’, हे कर्मचाऱ्यानं पहिल्याच पायरीवर लिहून द्यायला हवं. एवढं लिहिलं की उलट सिद्ध करायची जबाबदारी संस्थेवर जाते. त्या शिक्षिकेनं अपिलात हे लिहिलं होतं आणि संस्थेला ते खोडता आलं नाही. सेवा किती झाली, आरोप काय होता, संस्थेची ऐपत किती, हे न्यायालय बघतंच. पण चौकशीचे नियम धाब्यावर बसवून किंवा सूड म्हणून काढलं असेल, तर पूर्ण पगार देणं रास्त आहे, असं सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं आहे.

इथेच आपली माणसं भितात. घर चालवायला कापूस वेचला, चार पोरांची शिकवणी घेतली, की वाटतं आता हक्क गेला, म्हणून ते लपवतात. लपवू नका. पोटासाठी केलेल्या मजुरीनं पूर्ण पगाराची नोकरी मिळाली असं होत नाही. काय केलं, साधारण किती मिळालं, ते खरं लिहा. लपवलेलं उलटतपासणीत बाहेर आलं, तर तुमच्या बाकीच्या खऱ्या बोलण्यावरही कुणी विश्वास ठेवणार नाही.

मुदतीचं भान ठेवा. १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्याच्या कलम ९ खाली, आदेश हाती पडल्यापासून तीस दिवसांत अपील करावं लागतं. आपल्या जिल्ह्याची अपिलं अमरावतीच्या शाळा न्यायाधिकरणात चालतात. उशिराचं सबळ कारण असेल तर मुदत वाढू शकते, पण त्या भरवशावर राहू नका. अध्यक्षसाहेब बोलावतील, गावातली मंडळी मिटवतील, या आशेवर महिना बघता बघता निघून जातो. आदेशाचा कागद तर जपाच, पण त्याचं पाकीटही फेकू नका. त्यावरच्या पोस्टाच्या शिक्क्यावरून कागद कधी आला ते कळतं. आदेशच न देता फाटकावरून परत पाठवलं, तर त्याच दिवशी ‘मी कामावर आलो, मला सही करू दिली नाही’ असं पत्र मुख्याध्यापकांना स्पीड पोस्टानं पाठवा, शिक्षणाधिकाऱ्यांना प्रत द्या आणि पोस्टाची पावती जपून ठेवा.

कोऱ्या कागदावर सही मागितली, तर देऊ नका; त्यावर मागाहून तुमचा राजीनामा लिहिला जाऊ शकतो. कायम कर्मचाऱ्याचा राजीनामा दोन प्रतींत, दोन्हींवर सही आणि तारीख घालून, त्यातली एक पोस्टानं पाठवून व्हावा, असं त्याच कायद्याचं कलम ७ सांगतं. धाकानं सही घेतली गेली असेल, तर दुसऱ्याच दिवशी तसं लेखी कळवा.

‘संस्थेकडे पैसाच नाही,’ हे उत्तर हमखास ऐकाल. अनुदानित शाळा असेल, तर थकबाकी अनुदानातून कापून थेट कर्मचाऱ्याला द्यावी, अशी शिफारस न्यायाधिकरण सरकारला करू शकतं. ही मागणी अपिलातच करा. सेवासातत्यही स्वतंत्रपणे मागा, कारण ज्येष्ठता, वेतनवाढ, निवृत्तीचे लाभ सगळे त्यावर उभे असतात.

वकिलाच्या फीची काळजी असेल, तर उमरखेडच्या न्यायालयातल्या तालुका विधी सेवा समितीकडे जा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना मोफत वकील मिळायला उत्पन्नाची अट नाही. १५१०० या क्रमांकावर फोन करूनही विचारता येतं. जाताना नेमणुकीचं पत्र, मान्यतेचा आदेश, शेवटची पगारपत्रकं आणि ते पाकीट बरोबर न्या.