ओळख सांगण्याचा हक्क कुणाचा?

२२ सप्टेंबर १९७५. सॅन फ्रान्सिस्कोत अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष जेराल्ड फोर्ड यांच्यावर सारा जेन मूर हिने गोळी झाडली. नेम चुकला. ती पुन्हा नेम धरत असतानाच गर्दीतल्या ऑलिव्हर सिपल यांनी तिचा हात पकडला. फोर्ड वाचले. सिपल हे व्हिएतनाम युद्धात जखमी झालेले माजी सैनिक. ते समलिंगी होते. शहरातल्या मित्रांना हे ठाऊक होते, दूर राहणाऱ्या आईवडिलांना नव्हते.

"हे छापू नका," अशी विनंती त्यांनी पत्रकारांना केली. तरी दोन दिवसांत ते छापून आले. माहिती पुरवणाऱ्यांत समलिंगी चळवळीचे नेते हार्वे मिल्क होते. समलिंगी माणूसही शूर असतो हे देशाला दिसावे, हा त्यांचा हेतू. पण किंमत सिपल यांनी मोजली. आईने बोलणे टाकले. वृत्तपत्रांवरचा त्यांचा दावा १९८४ मध्ये अपिलातही फेटाळला गेला. शहरात अनेकांना हे आधीच माहीत होते, असे न्यायालय म्हणाले. १९८९ मध्ये, ४७व्या वर्षी, ते घरात मृतावस्थेत सापडले.

न्यायालयाचा हा तर्क आम्हाला मान्य नाही. मित्रांवर विश्वास टाकणे म्हणजे जगाला परवानगी देणे नव्हे.

हे फक्त अमेरिकेत घडते असेही नाही. अलीगढ मुस्लिम विद्यापीठात मराठी शिकवणारे प्रा. रामचंद्र सिरस यांच्या घरात २०१० मध्ये कॅमेरा घेऊन लोक घुसले. विद्यापीठाने निलंबित केले ते सिरस यांनाच. अलाहाबाद उच्च न्यायालयाने निलंबनाला स्थगिती दिली, पण काही दिवसांतच ते घरी मृतावस्थेत आढळले.

सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये खासगीपणाला मूलभूत हक्क मानले आणि २०१८ मध्ये समलिंगी संबंध गुन्ह्यातून वगळले. कायदा बदलला, पण घर, गल्ली आणि कचेरी तेवढ्या वेगाने बदलत नाहीत. म्हणून जबाबदारी आपल्यावरही येते. मोर्चातला फोटो ग्रुपवर टाकण्यापूर्वी त्यातल्या माणसाला विचारा. अभिमानाने कुणाचे नाव घ्यायचे असेल, तरी आधी त्याचा होकार घ्या. सिपल यांचे गुपित फोडण्यामागे द्वेष नव्हता, चळवळीचे प्रेम होते. म्हणूनच ही गोष्ट कार्यकर्त्यांनी लक्षात ठेवायला हवी. चळवळीला नायक हवा असतो, पण नायक व्हायचे की नाही हे ज्याचे त्यानेच ठरवायचे असते.